तिसरं पातं

मित्रांनो, तुम्ही मला जवळून कधी पाहिलं नसेल, आणि तेच बरं आहे. माझ्या कुंपणावर कवटीची पाटी आहे. मी वीज उपकेंद्रातला एक जुना आयसोलेटर. माझ्या डोक्यावरून जाड नळ्या जातात, त्यांना बसबार म्हणतात. सगळी वीज आधी त्यांच्यात येते आणि मग वाटली जाते. बसबार आणि ब्रेकर यांच्या मध्ये मी उभा असतो. वाहती वीज तोडणं हे ब्रेकरचं काम. तो बंद झाला की मी माझी तीन पाती उघडतो आणि मध्ये हवेची फट ठेवतो, म्हणजे माणसाला निर्धास्त वर चढता यावं. ब्रेकर मोठा आवाज करतो, म्हणून कौतुक त्याचं होतं. मी आपला मुकाट्याने उघडतो आणि मिटतो.

मी नवा होतो तेव्हाचे ऑपरेटर हाताने माझा दांडा फिरवायचे. फिटर त्यांचा मेहुणा होता, त्यामुळे सगळेच त्यांना दाजी म्हणत. दांडा फिरवला की दाजी मान वर करून ओरडायचे, "पहिलं उघडं! दुसरं उघडं! तिसरं उघडं!" मग फिटरनेही वर बघून तेच म्हणायचं. त्याशिवाय शिडी लागायची नाही.

"दाजी, मला काय दिसत नाही का?" फिटर वैतागायचा.

"दिसतं रे. पण तुझी बहीण माझ्या घरात आहे. जेवायला मलाच बसायचंय तिच्यासमोर."

दोघं हसायचे. दर हंगामाला माझे सांधे पुसून ग्रीस लावायचे. ते दिवस फार सुखाचे होते.

पुढे दाजी निवृत्त झाले. मला मोटर बसली आणि आतल्या खोलीत एक हिरवा दिवा आला. दिवा लागला की मी उघडलो असं समजायचं. ओरडणं बंद पडलं, आणि हळूहळू ग्रीसही. माझं तिसरं पातं गंजून जबड्यात घट्ट बसलं. मला ते कळत होतं, पण सांगणार कोणाला?

एका भर दुपारी ब्रेकरच्या दुरुस्तीचं काम निघालं. मोटर फिरली. दोन पाती उघडली. तिसऱ्याचा सांधा तुटला आणि ते जागचं हललंच नाही. दिवा मात्र मोटरकडे बघून लागतो, पात्याकडे बघून नाही. तो लागला.

"उघडलंय, चढ," नवा ऑपरेटर फोनवर म्हणाला. माणूस वाईट नव्हता, कामाच्या घाईत होता. फिटर तोच, दाजींचा मेहुणा; त्यानेही वर न बघता शिडी लावली आणि उरलीसुरली वीज जमिनीत उतरवणारी अर्थची काठी तारेला अडकवायला गेला. ती तार जिवंत होती. मोठा जाळ झाला. फिटर खाली पडला, तो पुन्हा उठला नाही.

चौकशीत सगळा दोष माझ्यावर आला. लवकरच मला भंगारात काढतील, त्याचं मला काही वाटत नाही. मित्रांनो, एवढंच मागणं आहे. यंत्राला वेळेवर तेलपाणी करा, आणि दिव्याच्या भरवशावर कोणाला वर चढवू नका.

काल फिटरची बायको त्याचा डबा न्यायला आली होती. कुंपणापाशी उभी राहून तिने नव्या ऑपरेटरला विचारलं, "भाऊ, वर बघायला किती वेळ लागतो हो?"

त्याला मान वर करता येत नव्हती.