पडद्यावर पांढरी दिसलेली पिवळी शाल

मी एक जुनी पिवळी शाल आहे, मित्रांनो. 'पिवळी' म्हटल्याबरोबर जो दोन पावलं मागे सरकतो तो नाटकवाला, हे मी डोळे मिटून ओळखते. आमच्या मेक्सिकोत तंबूत नाटकं करणाऱ्यांना पिवळ्याचं भारी वावडं. पिवळं अंगावर आलं की अपशकुन झालाच म्हणून समजा.

विणणारीनं मला इतकं तलम विणलं की मी अंगठीतून आरपार जायचे. एकदा तर सुईच्या नेढ्यातून गेले होते. ज्याला शंका असेल त्यानं सुई घेऊन यावं.

पुढे मी सिनेमाच्या स्टुडिओत आले. तेव्हा सिनेमे काळेपांढरे. खरं पांढरं कापड दिव्यांखाली असं चकाकायचं की नटीचं तोंडच दिसेना. म्हणून पांढऱ्याच्या जागी फिकं पिवळं वापरायचे. पडद्यावर मी दुधासारखी! पण सेटवर पिवळी ती पिवळीच. तिथले निम्मे लोक तंबूतून आलेले. मला पाहून छातीवर क्रूस काढायचे. मग मीही एकेकाकडे संशयानं बघायला शिकले.

एलोदिया बारागान तंबूतलीच. सिनेमात चौदा वर्षं काढली, पण तुम्ही नाव ऐकलं नसेल. मोलकरीण, नन, नायिकेची पाठमोरी मावशी. एका सिनेमात तर तिचा नुसता हात होता, पत्र देणारा. त्या हातानं असं काम केलं की पत्राला रडू फुटलं!

शेवटी तिला एक खरा प्रसंग मिळाला. मुलगा घर सोडून जातो आणि आई फाटकात उभी. चार वाक्यं, आणि पडदाभर तिचा चेहरा. अंगावर पांढरी शाल. म्हणजे मी.

"ही?" एलोदिया किंचाळली. "दोन्या चोले, दुसरं काहीही द्या. पोतं द्या!"

कपडेपट सांभाळणारी म्हातारी चोले, जिला सगळे मानानं 'दोन्या' म्हणायचे, ती म्हणाली, "पोतं राजकन्येच्या सिनेमाला गेलंय. घे मुकाट्यानं."

पहिल्या दिवशी तिचं फाटकाकडे चालत जाणं लांबून टिपलं, आणि मोठा दिवा फुटला. दुसऱ्या दिवशी गाढव नायकाला चावलं. तिसऱ्या दिवशी नायिका मिरेया हिचा घसा असा बसला की ती बोलली की तळ्यातली बदकं उत्तर द्यायची.

चौथ्या दिवशी जाग आली तेव्हा मी पेटाऱ्याच्या तळाशी. वर सेनापतींचे तीन गणवेश. कोणी कोंबलं? मिरेयानं? तिला दुसरीचा चेहरा पडदाभर कुठला खपायला! की चोलेनं? ती माझ्याजवळ येताना जप पुटपुटायची. मला गाढवाचाही संशय आला. जरा जास्तच भोळं दिसत होतं.

बाहेर दिग्दर्शक एवारिस्तो ओरडत होते. "लांबून घेतलं ते त्याच शालीत. अर्ध्या वाटेत आईची शाल बदलली तर लोक हसतील! शाल नाही, तर प्रसंग नाही. मुलगा पत्र ठेवून जाईल."

"मग एलोदियाचा हात आहेच की!" कोणीतरी म्हणालं, आणि सगळे खिदळले.

थोड्या वेळानं पेटारा उघडला. एक हात आत आला. चाचपडला नाही, शोधलं नाही. तीन गणवेशांखाली थेट माझ्यावर पोचला. हात एलोदियाचा! मित्रांनो, माझ्या जिवाचं पाणी पाणी झालं.

मागून चोले म्हणाली, "म्हणजे तूच होय गं?"

"मीच. घाबरले. वाटलं, ही हरवली की दुसरी देतील."

"शाब्बास! चौदा वर्षांनी ताट वाढून आलं, आणि बाईनं स्वतःच्या हातानं लाथाडलं."

"हातानं कसं लाथाडतील, दोन्या चोले?"

"तू नटी आहेस, तुला जमेल. आता काय करतेस?"

एलोदियानं मला खांद्यावर ओढलं. म्हणाली, "मरायचंच असेल तर चेहरा दिसताना मरते. पाठमोरी नाही मरणार."

कॅमेरा सुरू झाला. तिनं तीन वाक्यं म्हटली. चौथं विसरली! नुसती उभी राहिली, मला मुठीत आवळून, मुलाच्या वाटेकडे बघत. मला वाटलं, संपलं. पण 'थांबा' म्हणायलाही कोणाला सुचेना. एवारिस्तोंनी तेच ठेवलं.

सिनेमा लागला तेव्हा ती मला चोलेकडून मागून, खांद्यावर घेऊन गेली, आणि आम्ही दोघी वरच्या बाकांवर बसलो. तिचा चेहरा पडदाभर आला. शेजारची बाई तामाल खायची थांबली. डोळे पुसत एलोदियालाच विचारते, "ही कोण हो? नवी दिसते."

एलोदिया म्हणाली, "नवीच असेल."

त्यानंतर तिला पुन्हा नन आणि मावश्याच मिळाल्या. आता ती नाही. मी एका खोक्यात आहे. मला कसर लागली तर लागू दे, शाली पुन्हा विणता येतात. पण त्या सिनेमाची रिळं कुठल्या तरी कोंदट खोलीत आंबत पडली आहेत. तिचा चेहरा तेवढ्यातच आहे. जुनी रिळं कोणाकडे असतील तर थंड, कोरड्या जागी ठेवा, मित्रांनो. आणि जुन्या सिनेमात सुरुवातीला नावं येतात, तेव्हा तुम्ही गप्पा मारत असता, असा मला दाट संशय आहे. जरा गप्प बसा. वरून अकरावं नाव वाचा, एलोदियाचं तिथेच असायचं.