मनोऱ्यावरून दिसणारा टब

बोलोन्यात विद्यार्थी असिनेल्ली मनोरा चढत नाहीत. पदवीआधी जो चढला त्याला पदवी मिळत नाही, हे इथे सगळ्यांना माहीत आहे. ज्यांचा यावर विश्वास नाही तेही चढत नाहीत. पदवी मिळाली की मोकळीक असते, पण मोकळीक मिळाल्यावर चारशे अठ्ठ्याण्णव पायऱ्या चढायला कोण जातं? तेव्हा वर जातात ते बाहेरगावचे. मी एकतीस वर्षं त्या दाराशी बसून तिकिटं फाडली, म्हणून एवढ्या खात्रीनं बोलतो.

माझा मित्र ओरेस्ते गांबेरीनी ही गोष्ट घडली त्या वर्षी अठ्ठावन्न वर्षांचा होता आणि विद्यार्थी होता. इतिहासाच्या सगळ्या परीक्षा तो तरुणपणीच पास झाला होता, राहिला होता फक्त प्रबंध. मधल्या काळात फी भरायला म्हणून गाईडचं काम धरलं आणि प्रबंध आज लिहू, उद्या लिहू करत अठ्ठावीस वर्षं गेली. रोज सूप वाढताना त्याची बहीण विचारायची, "आधी काय येणार, पदवी की पेन्शन?" तो म्हणायचा, "चीज दे."

गाईड म्हणून मात्र त्याला तोड नव्हती. सकाळी नऊला नेपच्यूनच्या कारंज्यापाशी माणसं गोळा करायचा. मग कमानीखालच्या त्या कोपऱ्यात न्यायचा, जिथे भिंतीशी तोंड करून पुटपुटलं की समोरच्या कोपऱ्यात लख्ख ऐकू येतं. तिथे तो नवराबायकोला दोन टोकांना उभं करायचा आणि स्वतः लांब जाऊन सिगरेट ओढायचा. काही जोडपी तिथून वेगवेगळ्या रस्त्यांनी हॉटेलवर गेलेली आहेत. मग छताच्या तुळयांत रुतलेले बाण, कालव्यावरची खिडकी, आणि साडेअकराला माझं दार.

दाराशी तो वरून काय दिसतं ते सांगायचा. एकाही पायरीला पाय न लावता त्याला वरचा कोपरा न् कोपरा पाठ होता, कारण खाली येणाऱ्या प्रत्येकाला तो विचारायचा, "काय दिसलं?" आणि उत्तर काळ्या वहीत टिपून घ्यायचा. एकानं पाहिलेलं दुसऱ्याला सांगायचं, दुसऱ्यानं पाहिलेलं तिसऱ्याला. असा तो मनोरा त्यानं लोकांच्या डोळ्यांनी चढून ठेवला होता.

आता माझा गुन्हा. पंचवीस वर्षांपूर्वी एका धुक्याच्या दिवशी वर गेलेल्या कुणालाच काही दिसलं नव्हतं. ओरेस्ते वही उघडून माझ्याकडे वळला. "इव्हो, तू गेलायस ना वर? काहीतरी सांग. आज वही कोरी आहे."

माझ्या तोंडात मोर्तादेल्ला सॉसेजचा पाव होता आणि पोटात आगाऊपणा. म्हटलं, "मागच्या गल्लीत एक गच्ची आहे. तिच्यावर आंघोळीचा टब. पांढरा, सिंहाच्या पायांचा. बेसिल लावलंय त्यात."

त्यानं गंभीरपणे लिहून घेतलं. दुसऱ्या दिवशी गटाला सांगितलं. गट खाली आला आणि एक दंतवैद्य म्हणाला, "टब दिसला. छान आहे." मला ठसका लागला. पुढच्या आठवड्यात कुणाला त्याला नळ दिसला. वसंतात एका फ्रेंच बाईला टबात झोपलेलं मांजर दिसलं. ओरेस्तेनं नळ घेतला, मांजर घेतलं. लोक वर जात राहिले आणि टब पाहून येत राहिले. मी कधी खरं बोललो नाही. आधी गंमत वाटत होती, मग उशीर झाला, आणि पुढे पुढे तर पुढच्या माणसाला त्या टबात काय दिसेल याचीच उत्सुकता लागून राहिली.

जूनमधल्या एका मंगळवारी तुरीनहून सिन्योरा बेर्तोला आल्या. जमीन-मोजणी खात्यातून निवृत्त झालेल्या, गळ्यात दुर्बीण. वर पाऊण तास होत्या. खाली येऊन ओरेस्तेसमोर उभ्या राहिल्या.

"टब नाहीये."

माझ्या हातातलं तिकीट अर्धंच फाटून राहिलं.

"मागच्या गल्लीत?" ओरेस्तेनं विचारलं.

"मागच्या, पुढच्या, कुठल्याच नाही. चारही दिशा घेतल्या मी. तुम्ही स्वतः पाहिलाय तो?"

"मी वर गेलेलो नाही, सिन्योरा."

"न पाहिलेलं पैसे घेऊन सांगता? चला, आत्ता वर चला आणि दाखवा मला."

"आत्ता नाही. शुक्रवारी दुपारनंतर."

"शनिवारी माझी गाडी आहे. शुक्रवारी बाराला मी इथे असेन. टब दाखवला नाहीत तर तुमचा बिल्ला राहतो का तेही पाहीन."

ओरेस्तेचा चेहरा पांढरा पडला होता. त्यानं वही काढली, त्यांचं नाव, गाव, हुद्दा लिहून घेतला, आणि खाली सहीसुद्धा मागितली. त्याचा हात थरथरत होता. मला वाटलं, संपला बिचारा.

त्या गेल्यावर मी विचारलं, "शुक्रवारी काय आहे?"

"अकराला समितीपुढे माझा प्रबंध आहे."

मी स्टुलावरून उठलो. "आणि आम्हाला आज सांगतोस? कशावर आहे?"

"झाल्याशिवाय सांगत नाही. बहिणीलाही सांगितलं नाहीये." आणि तो चक्क शीळ घालत निघून गेला. माणूस भीतीनं असंही वागतो, असं मी धरून चाललो.

मी हिशेब मांडला. शुक्रवारी त्याला पदवी मिळेल, बाराला तो आयुष्यात पहिल्यांदा वर जाईल, आणि तिथे टब नसेल. दुर्बीणवाली बाई शेजारी असेल. पंचवीस वर्षांची अब्रू माझ्या एका पावापायी जाणार. उपाय एकच होता, टब ठेवणे.

गुरुवारी मी मागच्या गल्लीत सिन्योरा फांतुत्सींची बेल वाजवली. त्यांचीच गच्ची बरोबर मनोऱ्याखाली येते. दार उघडताच त्या म्हणाल्या, "टब नाही."

"मला ठाऊक आहे."

"मग पहिलाच शहाणा तुम्ही. वर्षानुवर्षं लोक बेल वाजवतात. जपानी येतात, वाकून नमस्कार करतात आणि टब बघायचा म्हणतात. एकदा तर एकजण येऊन टब नाही असं लिहून माझी सही घेऊन गेला. पाणीखात्याचा असावा. तुम्हाला काय हवंय?"

"टब ठेवायचाय."

त्यांनी मला नीट वरून खाली पाहिलं. मग दार पूर्ण उघडलं. "ठेवा एकदाचा. निदान खोटं बोलल्यासारखं वाटणार नाही. पण मांजर आणलंत तर घराबाहेर काढीन. माझे डोळे सुजतात."

बारवाल्या नेरिओच्या तळघरात पांढरा जुना टब होता, सिंहाच्या पायांचा, नळासकट. उन्हाळ्यात तो त्यात कलिंगडं गार करायचा. शुक्रवारी सकाळी आम्ही दोघांनी तो पाच जिने वर चढवला. तिसऱ्या जिन्यावर नेरिओ म्हणाला, "इव्हो, मित्राच्या पदवीला लोक फुलं घेऊन जातात." आम्ही टबात माती ओतली, बेसिलची रोपं काठोकाठ लावली आणि पावणेअकराला मी परत दाराशी बसलो. फार वर्षांनी मला स्वतःबद्दल बरं वाटत होतं.

बाराला सिन्योरा बेर्तोला आल्या. पाठोपाठ विद्यापीठाकडून झांबोनी रस्त्यानं ओरेस्ते आला, काळा कोट घालून. पण पदवी मिळाल्यावर घालतात तो तेजपानांचा मुकुट डोक्यावर नव्हता. मुकुट त्याच्या बहिणीच्या हातात होता, पिशवीत. आणि मागून तीन प्राध्यापक.

"काय झालं?" मी विचारलं. "मिळाली का?"

"अजून नाही. यांना आधी वर जाऊन बघायचंय."

"काय बघायचंय?"

समितीचे अध्यक्ष प्रोफेसर मालागुती चष्मा पुसत म्हणाले, "टब नाही ते."

माझ्या हातातलं तिकिटांचं पुडकं खाली पडलं.

तेव्हा मला प्रबंध कळला. जुन्या बखरकारांनी 'हे मी स्वतः पाहिलं' म्हणून जे लिहून ठेवलंय ते किती खरं धरायचं, हा विषय. आणि पुरावा म्हणून आमचा टब. दुसऱ्याच वर्षी ओरेस्तेनं सिन्योरा फांतुत्सींकडे जाऊन टब नाही याची सही घेतली होती. पाणीखातं म्हणजे तोच. तरी पुढे तो टब सांगतच राहिला आणि काय दिसलं ते लिहीत राहिला. नसलेला टब पाहिलेले दोन हजार एकशे चौदा साक्षीदार, नाव-गावासकट. नाही दिसला असं म्हणणारी एकच, तीही गेल्या मंगळवारी मिळाली, तिचं पान त्यानं हातानं लिहून जोडलं होतं. म्हणून त्याचा हात थरथरत होता.

"तुला पहिल्यापासून माहीत होतं?" मी हळूच विचारलं.

"तू पाव खाताना खोटं बोललास की कान हलतात तुझे."

"ओरेस्ते, यांना वर जाऊ देऊ नकोस."

"का?"

पण मालागुतींनी तिकिटं घेतली होती. बाकी दोघे, एक तरुण प्राध्यापिका आणि एक जाडे गृहस्थ, त्यांच्यामागे गेले. प्राध्यापिकेनं बेर्तोलाबाईंची दुर्बीण मागून घेतली. मग मी ओरेस्तेला सगळं सांगितलं. तो खाली पडलेली तिकिटं एकेक करून उचलून माझ्या हातात देत राहिला. ते मला शिवी दिल्यापेक्षा वाईट लागलं.

त्याची बहीण एवढंच म्हणाली, "म्हणजे पेन्शन."

चाळीस मिनिटांनी तिघे खाली आले. जाडे गृहस्थ पायरीवरच बसले. ओरेस्तेनं सवयीनं वही उघडली. "काय दिसलं?"

"टब," जाडे गृहस्थ धापा टाकत म्हणाले. "पांढरा."

"टब," प्राध्यापिका म्हणाली. "बेसिल आहे त्यात. मला वाईट वाटतंय, पण आहे."

बेर्तोलाबाई पुढे झाल्या. "मंगळवारी नव्हता."

"एका बाजूला तुम्ही आणि एक जुनी सही, सिन्योरा," मालागुती म्हणाले, "आणि दुसऱ्या बाजूला आम्ही तिघं आणि दोन हजारांवर माणसं. ही माणसं खरी बोलत असतील तर प्रबंधाला आधारच राहत नाही."

"टब मी ठेवलाय," मी म्हणालो. "आज सकाळी. नेरिओला विचारा, त्याची कंबर धरलीय."

"तुम्ही याचे मित्र ना? मित्राला वाचवायला माणूस असं म्हणणारच." ते ओरेस्तेकडे वळले. "मला खेद होतो, गांबेरीनी. मी माझ्या डोळ्यांनी पाहिला. टब, नळ, बेसिल, आणि त्यात झोपलेलं ते करडं मांजर."

ओरेस्तेचं पेन थांबलं. "मांजर?"

"मांजर. पाय पोटाशी घेऊन झोपलंय."

कंबर धरून गर्दीत येऊन उभ्या राहिलेल्या नेरिओकडे मी पाहिलं. नेरिओ म्हणाला, "प्रोफेसर, त्या टबात काडी खुपसायला जागा नाही. आम्ही गच्च रोपं लावलीत."

"आणि फांतुत्सीबाईंचे डोळे सुजतात," मी म्हणालो.

मालागुतींनी प्राध्यापिकेकडे पाहिलं. तिनं दुर्बीण छातीशी धरली होती. "मी दुर्बिणीतून बराच वेळ पाहत होते, सर. मांजर नव्हतं."

"मी तर पाहिलं," मालागुती म्हणाले. मग त्यांनी चष्मा काढून पुन्हा पुसला. शेवटी त्यांनी विचारलं, "प्रबंधात मांजर कितव्या पानावर आहे?"

"चाळिसाव्या," ओरेस्ते म्हणाला. "करडं, पाय पोटाशी घेतलेलं. फ्रेंच बाई."

"चाळिसावं पान मी दोनदा वाचलं होतं." त्यांनी ओरेस्तेच्या हातातून पेन घेतलं, वहीत आपली साक्ष स्वतः लिहिली, मांजरासकट, आणि खाली लफ्फेदार सही केली. "दोन हजार एकशे पंधरा," ते म्हणाले. मग तिघांनी तिकिटांच्या खिडकीशी डोकी जोडून कुजबुज केली आणि एकशे दहापैकी एकशे एक गुण जाहीर केले. शंभर प्रबंधाचे, एक मांजराचा.

बहिणीनं पिशवीतून मुकुट काढून त्याच्या डोक्यावर ठेवला आणि नाक पुसत त्याला बजावलं, "लवकर ये. सूप गार होईल."

ओरेस्ते दारापाशी आला, मी त्याचं तिकीट फाडलं, आणि तो वर गेला. सोबत सिन्योरा बेर्तोला, दुर्बीण घेऊन. आम्ही खाली मान वर करून उभे होतो. तासभर झाला. एवढ्या वेळात माणूस दोनदा जाऊन येतो.

खाली आला तेव्हा मुकुट तिरका झाला होता आणि डोळे लाल होते. वारा असतो वर. मी त्याच्या खिशातून वही काढली आणि विचारलं, "काय दिसलं?"

"छपरं," तो म्हणाला. "लाल. मी सांगायचो त्यापेक्षा खूप जास्त."

मी लिहून घेतलं. "आणि टब?"

"टब आहे. पण तुम्ही नळ उजवीकडे ठेवलाय. सगळ्यांनी डावीकडे पाहिलेला आहे."

सोमवारी मी आणि नेरिओ पुन्हा पाच जिने चढलो आणि टब फिरवून ठेवला.