एगोनने रंगवलेली पाटी

"अक्षर मोठं काढा, टाउसिग. खालच्या वळणावरून वाचता आलं पाहिजे," असं म्हणत डॉक्टर वान्येचेकनी वर्तमानपत्रात गुंडाळलेली फळी आमच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर ठेवली. मी तिथेच शेवयांचं पीठ लाटत होते. फळीचं एक टोक सरळ माझ्या पिठात गेलं. त्यांनी पाहिलं, पण उचललं नाही.

"मजकूर काय?" माझ्या नवऱ्याने विचारलं.

डॉक्टर खाकरले. "ज्यूंना येथे प्रवेश नाही. बस, एवढंच. आणि ते आपलं जुनं जर्मन वळण हं. तुमच्यासारखं ते अख्ख्या व्हिएन्नात कुणाला जमत नाही."

माझं लाटणं थांबलं. नवरा मात्र फळीवरून अंगठा फिरवत होता. "लाकूड चांगलं आणलंत," तो म्हणाला.

माझा नवरा एगोन पाट्या रंगवतो. बेकऱ्यांच्या, टोपीवाल्यांच्या, शवपेट्या विकणाऱ्यांच्या. पोट त्यावर चालतं, जीव मात्र पर्वतक्लबात अडकलेला. क्लबाचं डोंगरावर एक विसाव्याचं घर आहे. तिथवरच्या वाटेवर दगडादगडाला ज्या लाल खुणा आहेत ना, त्या याच्या हातच्या. दरवर्षी बर्फ वितळलं की डबा-ब्रश घेऊन हा त्या उजळायला निघतो. येत्या जूनमध्ये त्याच्या सभासदत्वाला पंचवीस वर्षं होणार होती. पंचवीस झाली की कोटाला लावायला चांदीचं फूल देतात. त्या फुलाची वाट त्याने ज्या आशेने पाहिली, तशी माझी कधी पाहिली नसेल.

आणि गेल्याच महिन्यात क्लबाने ठराव केला होता, की ज्यू रक्ताचा माणूस यापुढे सभासद राहणार नाही.

"आमचा बाप्तिस्मा झालाय, डॉक्टरसाहेब," मी म्हणाले. "युद्धाच्या कितीतरी आधी."

"बाप्तिस्मा म्हणजे पाणी, टाउसिगबाई. पाणी सुकतं. प्रश्न रक्ताचा आहे. शास्त्रच आहे ते." हे डॉक्टर दातांचे. फावल्या वेळात लोकांची डोकी मोजतात. त्यांनी एगोनच्या कपाळावरून बोटं फिरवली आणि हसले. "आता यांचंच बघा. लांबट कवटी, अगदी उत्तरेकडच्या शुद्ध आर्याची! यांच्या आजीने कुठेतरी घोटाळा केलेला दिसतो."

"आणि तुमच्या आजीने कुठे केला?" मी विचारलं. "बोहेमियात की इथे वीटभट्टीवर आल्यावर?"

वान्येचेक! नाव घेताच बोहेमियातून आलेल्या चेक वीटमजुरांची धूळ उडते, आणि हा माणूस दुसऱ्याच्या रक्ताची शुद्धता तपासणार. डॉक्टरांचे कान लाल झाले. मला फार बरं वाटलं.

"मालविने, गप्प बस," एगोन म्हणाला.

डॉक्टरांनी टोपी उचलली. "जुन्या माणसांसाठी अपवाद करायचा असं मी कमिटीला म्हणतोय, टाउसिग. पण लोक विचारतात, हा नक्की कुणाच्या बाजूचा? पाटी तुम्ही केलीत तर मला बोलायला तोंड राहील. जूनमध्ये फूल मी स्वतःच्या हाताने लावीन. नाही केलीत तर..." पुढचं त्यांनी दारापाशी टोपी घालत गिळलं.

ते गेले आणि मी पीठ खरवडून बादलीत टाकलं.

"तू हे लिहिणार?"

"कुणीतरी लिहिणारच."

"मग त्या कुणीतरीला लिहू दे की!"

"तुला नाही कळायचं. वर गेलं की कुणी काही विचारत नाही गं. झाडांची हद्द संपली की सगळेच अरे-तुरे. न्यायाधीश काय, प्रोफेसर काय. वान्येचेकला मी तिथे ‘अरे रुडी’ म्हणतो."

"आणि खाली उतरलं की डॉक्टरसाहेब! इझिडोर, तुला लाज कशी वाटत नाही?"

इझिडोर हे त्याचं जन्माचं नाव. बाप्तिस्म्याच्या वेळी त्याने ते चर्चच्या पायरीवर टाकलं, आणि तेव्हापासून त्या हाकेला ओ दिली नाही. चिडले की मी मुद्दाम तेच वापरते. त्या वेळी माझ्या वडिलांनी सात दिवस जमिनीवर बसून माझं सुतक पाळलं होतं. मी दोन गल्ल्या पलीकडे जिवंत होते, बटाटे सोलत होते. माझं माहेर तुटलं ते या माणसाला डोंगरावर अरे-तुरे करता यावं म्हणून! मला तेव्हा त्याची किळस आली. खरंच आली.

त्याने पाटी केली. आणि काय केली! काळी अक्षरं, कडेला बारीक सोनेरी रेघ. एवढं देखणं काम त्याने बापाच्या थडग्यासाठीही केलं नव्हतं. मी त्याच्याशी बोलणं टाकलं.

तरी रविवारी मी त्याच्याबरोबर डोंगरावर गेले. का गेले? त्याला टाळ्या मिळताना पाहायचं होतं, म्हणजे राग पुरता झाला असता. पाठीला पाटी, हातात लाल रंगाचा डबा. वाटेत एका खुणेचा रंग उडालेला दिसला, तर पठ्ठ्याने तेवढ्यात तीही उजळली.

क्लबाच्या घरापाशी पंधरावीस जण जमले होते. झिमझिम पाऊस सुरू झाला होता. एगोनने दाराच्या वर पाटी धरली, लांबून पाहिली, केसभर डावीकडे सरकवली आणि स्क्रू पिळले. टाळ्या पडल्या. "वा रे एगोन!" कुणीतरी ओरडलं. आतून सुपाचा वास आला आणि सगळे आत घुसले.

एगोन पायरीखाली उभा राहिला. त्याने पाटी पहिल्या अक्षरापासून शेवटच्यापर्यंत वाचली, एखाद्या नवख्या वाटसरूसारखी. मग वळून दाराशेजारच्या लाकडांच्या ढिगावर जाऊन बसला आणि पिशवीतून पाव काढला.

डॉक्टर दारात आले. "अरे एगोन, ये ना आत! सूप गार होतंय."

"नको, डॉक्टरसाहेब. तुम्ही जेवा."

"डॉक्टरसाहेब काय? वर आहोत आपण. आणि ती पाटी तुझ्यासाठी नाही रे!"

"मग कुणासाठी आहे?"

आतून कुणी तरी हसलं. "तुझं फूल..." डॉक्टर हळूच म्हणाले. "हे बघ, सगळे बघतायत. मग मला काही करता येणार नाही."

"मीच लिहिलंय, डॉक्टरसाहेब. मला वाचता येतं."

डॉक्टरांनी दार लावून घेतलं.

इतकी वर्षं ज्या घरासाठी एगोनने माझ्या, स्वतःच्या, सगळ्यांच्या रक्ताचं पाणी केलं, ते घर हातभर अंतरावर होतं आणि तो पावसात भिजत होता. माझा राग कुठे गेला कोण जाणे. मी त्याच्या शेजारी जाऊन बसले. त्याने उकडलेलं अंडं सोललं, अर्धं मला दिलं. पाव ओला झाला होता, तरी आम्ही तो संपवला.

उठताना त्याने लाल रंगाचा डबा आणि ब्रश ढिगावरच सोडून दिले.

पायवाट निसरडी झाली होती. पहिल्या वळणावर मी हात पुढे केला.

"इझिडोर, सांभाळून."

"हो," तो म्हणाला, आणि त्याने माझा हात धरला.