दोनचा खेळ

सोमवार, सकाळी साडेनऊ. पॅरिसमधल्या एका छोट्या चित्रपटगृहासमोरच्या कॅफेत दिग्दर्शिका ऑदिल मोर्वानने दुसरी कॉफीही थंड होऊ दिली.

बुधवारी नवे चित्रपट लागतात, म्हणून जुन्यांपैकी कोण राहणार, कोण जाणार हे सोमवारीच ठरतं. ऑदिलचा चित्रपट सबंध शहरात या एकाच पडद्यावर होता. इथून उतरला की दुसऱ्या गावांतले थिएटरवाले विचारत नाहीत, आणि अनुदान समिती पुढच्या पटकथेला हात लावत नाही. पंचवीस वर्षांत तिचे चार चित्रपट झाले. पहिल्याच्या वेळी वर्तमानपत्रांनी तिला ‘नवी आशा’ म्हटलं होतं. केस पांढरे झाले तरी ती आशाच राहिली.

ती उठून काचेपाशी गेली, परत आली, पुन्हा उठली.

“बस गं. खुर्चीला काटे आहेत का?” मिरेय म्हणाली. चारही चित्रपटांचं संकलन तिचं. “राहील तो. मी व्यवस्था केलीय.”

“कसली व्यवस्था?”

मिरेय क्रुआसाँचे तुकडे करत राहिली. तेवढ्यात चित्रपटगृहाचे चालक देलकूर रस्ता ओलांडून आले आणि काउंटरवर न थांबता थेट टेबलाशी उभे राहिले. शनिवारची तिकिटं विकली गेली आणि खुर्च्या रिकाम्या होत्या, हे त्यांनी आवाज न चढवता सांगितलं.

“मादाम, मित्रमंडळींनी तिकिटं काढून घरी बसायचं, हा खेळ मी तुमच्याआधीही पाहिलाय. शुक्रवारी लोक शेवटची नावं संपेपर्यंत बसले होते. मी ठेवणारच होतो. आता त्यातले खरे कोण, कसं ओळखू?”

ऑदिलने मिरेयकडे पाहिलं. मिरेयने मान खाली घातली. हे मला ठाऊक नव्हतं, असं ऑदिलला म्हणता आलं असतं.

“माझीच माणसं ती,” ती म्हणाली. “आज दोनच्या खेळाला तुम्ही स्वतः आत बसा. आमच्यापैकी कोणी येणार नाही.”

देलकूर कबूल झाले. तोवर तुमच्या वितरकाचा फोन घेणार नाही, निर्णय नंतर त्याच्याकडूनच कळेल, एवढं सांगून ते गेले.

दोनला ऑदिल आणि मिरेय समोरच्या फुटपाथवर उभ्या होत्या. ओल्या छत्रीचा एक म्हातारा पोस्टर वाचून पुढे गेला, वळला, आत शिरला. मग बाजाराची पिशवी घेतलेली बाई. मग थोडा वेळ कोणीच नाही. मिरेय रस्ता ओलांडायला निघाली, तशी ऑदिलने तिची बाही धरली.

“मी नुसती बघून येते.”

“नाही.”

चारच्या सुमारास दार उघडलं. उशिरा आत गेलेले काही लोकही एकेक करून बाहेर आले. पिशवीवाली बाई पायरीवर थांबून रुमाल शोधू लागली. आत शेवटची नावं अजून चालू असणार; छत्रीवाला म्हातारा दिसला नाही. देलकूरही दिसले नाहीत.

पावणेपाचला पोस्टर बदलणारा माणूस शिडी आणि नव्या पोस्टरची गुंडाळी घेऊन आला. आतून देलकूर यांनी त्याला काही सांगितलं. त्याने शिडी भिंतीला टेकवली आणि सिगारेट पेटवली.

सहा वाजता शिडी तिथेच होती. ऑदिलचं पोस्टरही. निर्णय कळवणारा वितरकाचा फोन तिला अजून आलेला नव्हता.