निरोपाची खुर्ची

जनकधारी प्रसाद कालव्याच्या कचेरीतून बडे बाबू, म्हणजे हेडक्लार्क, म्हणून निवृत्त झाले, तेव्हा लोकांनी त्यांना शाल दिली, छत्री दिली आणि ज्या लाकडी खुर्चीवर त्यांनी जन्म काढला ती खुर्चीही दिली. साहेबच म्हणाले, "ही आता दुसऱ्या कुणाला शोभायची नाही." शिपाई रामसूरतने हार घातलेली खुर्ची डोक्यावर घेतली. पुढे बँड, मागे सगळी कचेरी. बाबूंच्या अंगणात लिट्टी-चोखा खाऊन लोक आपापल्या घरी गेले.

प्रेमाच्या भरात एक गोष्ट राहून गेली. खुर्ची सरकारची होती आणि ती दिल्याचं कुणी कुठे लिहिलंच नव्हतं.

पुढे ऑडिटमध्ये खुर्ची कमी भरली. बाबूंकडे काही येणं बाकी नाही असा दाखला मिळेना, दाखल्यापायी ग्रॅच्युइटी अडली, पेन्शन अडली. जुने साहेब कधीच वारले होते. नवे म्हणाले, खुर्ची आणून द्या आणि चुकून नेली असं लिहून द्या, लगेच दाखला देतो.

पाटण्याच्या हायकोर्टातले वकील इम्तियाज यांनी कपाळाला हात लावला. "असं लिहून दिलंत तर आपल्या हाताने चोर व्हाल. मग चौकशी लागेल, आणि ती संपेपर्यंत पैसे विसरा. पेन्शन तुमचा हक्क आहे बाबू, कुणाचं दान नाही. आपण रिट लावलीय, उशिराचं व्याजही मागितलंय. पण कचेरीवाले खुर्ची चोरीची म्हणतायत. खुर्ची दिली हे सांगणारं एक तरी प्रतिज्ञापत्र आणा."

एक तरी. लिट्टी खाल्लेल्या तोंडांना आता काही आठवेना. ज्याने खुर्चीला हार घातला, तो म्हणाला, मी त्या दिवशी रजेवर होतो. दुसऱ्याने चहा पाजला आणि थंडी-धुक्याच्या गप्पा मारल्या. बाबूंना संताप यायला हवा होता, पण तारखांवर तारखा घेऊन संतापायचंही त्राण उरलं नव्हतं.

घरी त्यांची बायको फुलेश्वरी त्याच खुर्चीत बसून असे. खुबा झिजल्यामुळे तिला खाली बसता येत नव्हतं, आणि ऑपरेशन पैशांवाचून अडलं होतं. "खुर्ची द्या हवी तर," ती म्हणे, "मी खाटेवर बसेन. पण चोर म्हणून सही केलीत तर बघा."

शेवटी बाबू रामसूरतकडे गेले. तो तळहातावर खैनी मळत होता. ऐकून घेतलं तरी मळतच राहिला.

"माझ्याच डोक्यावर होती खुर्ची, बडे बाबू. नाही कसं म्हणू? पण महिनाअखेरीला मीही रिटायर होतोय. आत्ता सही केली तर माझी फाइल तुमच्या फाइलीला सोबत करत बसेल."

"बरोबर आहे तुझं," बाबू म्हणाले, आणि ते मनापासून म्हणाले.

परतताना त्यांनी कोरा कागद विकत घेतला. चोर तर चोर. वकील काही म्हणोत, दाखला मिळाला तर फुलेश्वरी चालायला तरी लागेल.

कागद टेबलावर पडून राहिला. बाबू रोज पेन उघडत आणि मिटून ठेवत. महिनाअखेरीला लांबून बँड ऐकू आला, तेव्हा त्यांनी खिडकी लावून घेतली. निरोपाचं बोलावणं होतं, पण त्यांचे पाय निघेनात.

संध्याकाळी दारावर थाप पडली. बाहेर रामसूरत उभा. गळ्यात झेंडूचा हार आणि डोक्यावर त्याचं स्टूल, ज्यावर तो साहेबांच्या दाराशी बसायचा.

"हे काय रे?"

"दिलं. नको नको म्हटलं, हात जोडले. साहेब म्हणाले, रिवाज आहे, एवढ्या प्रेमाने देतोय तर भाव काय खातोस? मग म्हटलं, लेखी द्या. तर सगळी कचेरी पोट धरून हसली." त्याने स्टूल फुलेश्वरीच्या खुर्चीशेजारी टेकवलं आणि त्यावर बसला. "घ्या. आता मीपण चोर."

फुलेश्वरीने तोंडाला पदर लावला, पण हसू काही आवरेना. बाबूंना हसता आलं नाही. त्यांचे डोळे भरून आले होते.

रामसूरतने गळ्यातला हार काढून टेबलावर ठेवला. तिथला कोरा कागद त्याला दिसला.

"वकीलसाहेब माझं लिहून घेतील ना?" त्याने विचारलं. "मग सकाळची गाडी गाठायची. आज इथेच झोपतो."