उजेडाचा जिना

यंत्राची मूठ दाबून धरत तिनं उजेडाची शेवटची, सतरावी पायरी ओतली आणि हाक दिली, "चला, पुढचे कोण?"

मूळ जिना पंधरवड्यापूर्वी कोसळला होता. इमारत धोक्याची ठरली, माणसं बाहेर पडली, सामान वरच अडकलं. आज प्रत्येक घरातल्या एकानं वर जायचं आणि वीस मिनिटांत गरजेपुरतं घेऊन उतरायचं, असं ठरलं होतं. ज्या यंत्रानं ती उजेडाचा जिना उभा करत होती, त्याचं कागदोपत्री नाव लांबलचक होतं. कामावरचे सगळे त्याला कंदील म्हणत. मूठ दाबलेली असेपर्यंत त्याचा उजेड दगडासारखा घट्ट राही, सुटली की विरून जाई. म्हणून जिन्यावर माणूस असताना तिला जागचं हलता येत नसे. भर दुपारी पायऱ्या नीट दिसत नाहीत, म्हणून तिनं कडांना निळी रेघ दिली होती.

पुढचं नाव तिच्या मोठ्या भावाचं होतं. यादीत ते तिनं सकाळीच वाचलं होतं. पाळी बदलून घ्यावी असंही मनात आलं होतं, पण घेतली नाही.

"पाय ठेवू?" त्यानं विचारलं. नऊ वर्षांत तो तिच्याशी बोललेले हे पहिले दोन शब्द.

"ठेव. खाली बघू नकोस."

तो भिंतीला हात लावत चढला. मागून त्याच्या सदऱ्याचा घामानं भिजलेला पट्टा तिला दिसत राहिला.

त्यांच्या वडिलांचा परांच्यांचा धंदा होता. बांबू, फळ्या, दोऱ्यांची भेंडोळी. गावभरच्या इमारती त्यांच्या परांच्यांवरून रंगवल्या गेल्या होत्या. कंदील आला आणि दोन वर्षांत वखारीत गवत उगवलं. त्यातच मुलगी कंदील चालवायला शिकली. "माझ्याच पोटावर पाय देऊन उभी राहा," वडील म्हणाले. भावानं वडिलांची बाजू घेतली. तिनं बॅग उचलली आणि घर सोडलं.

अठरा मिनिटांनी तो वरच्या दारात आला. छातीशी वहिनीचं शिलाई मशीन कवटाळलेलं होतं. वखार गेल्यापासून घर त्या मशीनवर चालतं, हे तिच्या कानावर आलं होतं.

पाच-सहा पायऱ्या तो उतरला आणि थांबला. मशीनमुळे त्याला स्वतःचे पाय दिसत नव्हते.

"दादा, भिंतीला खांदा टेक. घाई नाही."

"ठमे," तो म्हणाला. लहानपणीचं ते नाव आता त्याच्याशिवाय कुणाच्या तोंडी उरलं नव्हतं. "बाबा दवाखान्यात होते ना, तेव्हा तिसऱ्या दिवशी म्हणाले, तिला बोलाव."

"आधी खाली ये."

"नाही, ऐक. मी म्हटलं, बोलावतो. बाहेर जाऊन दहा मिनिटं नुसता उभा राहिलो. आत येऊन सांगितलं, फोन लागत नाही. डूख होता गं मनात. वाटलं, उद्या करू. आणि शुक्रवारी ते गेलेच."

तिच्या हाताखाली मूठ किंचित सैल झाली. निळ्या रेघा थरथरल्या. तिनं दुसरा हात वर ठेवून ती पुन्हा दाबली.

"पुढची पायरी, दादा. डावा पाय."

तो उतरला.

"आता उजवा. शाब्बास."

एकेक पायरी सांगत तिनं त्याला जमिनीवर आणलं. तो तिच्यासमोर उभा राहिला. हात मोकळे नव्हते, म्हणून त्यानं डोळे खांद्याला पुसले.

"स्मशानातून आल्यावर तू चारचौघांत विचारलंस, मला कळवलं का नाही? तेव्हाच हे सांगायला हवं होतं."

तिनं तेव्हा खरंच तसं विचारलं होतं, आवाज चढवून, सगळ्यांना ऐकू जाईल असं.

पण वडील जाण्याच्या दोन दिवस आधी, बुधवारी, तिला एका अनोळखी नंबरवरून फोन आला होता. वडिलांनी नर्सचा फोन मागून घेतला होता. आवाज खोल गेलेला. "कधी येतेस?" एवढंच त्यांनी विचारलं. ती पुलाच्या कामावर होती. "शनिवारी उरकतं, मग येते," ती म्हणाली होती. "बरं," असं म्हणून त्यांनी फोन ठेवला होता. ते भावाला ठाऊक नाही, हे स्मशानातून आल्यावर त्याच्या चेहऱ्यावरून तिला कळलं, आणि तिनं प्रश्न विचारून टाकला.

"दादा," ती म्हणाली.

तो वाट पाहत होता. केस पुरते पिकले होते त्याचे.

"सोडून दे आता. झालं ते झालं."

त्याचा चेहरा एकदम सैलावला. त्यानं मान हलवली आणि मशीन घेऊन फाटकाकडे गेला. तिथं टेंपोपाशी वहिनी उभी होती. तो तिला काहीतरी सांगत राहिला. मग वहिनी लगबगीनं आली, तिच्या दंडाला धरून म्हणाली, "मन मोठं आहे हो वन्सं तुमचं. नऊ वर्षं रात्र रात्र जागे असायचे हे. आता घरी यायचं, समजलं?"

"येईन," ती म्हणाली.

वहिनी परत गेली. रांगेतल्या बाईंनी विचारलं, "मी चढू का?" तिनं ऐकलं नाही. बाईंनी पुन्हा विचारलं.

"दोन मिनिटं थांबा हं."

तिनं मूठ सोडली. जिना विरला. ती भराभर फाटकापर्यंत गेली. भाऊ टेंपोत मशीन बांधत होता. गाणं गुणगुणत होता. फार जुनं, वखारीत फळ्या रचताना गुणगुणायचा ते.

"दादा."

"काय गं?" तो वळला. हसरा, मोकळा.

तिनं हात टेंपोच्या कठड्यावर ठेवला, मग काढला.

"गाठ ढिली राहिली आहे," ती म्हणाली. "नीट आवळ."

"अगदी बाबांसारखी!" तो वहिनीकडे बघत मोठ्यानं हसला आणि दोरी सोडून पुन्हा पहिल्यापासून बांधायला लागला.