चौथ्या भागातले अडेल शिपाई

ढापण्याला पगार मिळायचा तो गेम खेळून त्यातल्या चुका शोधायचा. घरच्यांना वाटे, पोरगा पैसे घेऊन टवाळक्या करतो. वाटू दे बापडे! आज मात्र त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं. पथक घेऊन इमारतीत शिरायचं, ओलीस सोडवायचे, अशा एका जुन्या गेमचे पाचही भाग कंपनी नव्यानं काढणार होती, आणि साहेबांनी नेमक्या चौथ्यावर काट मारली.

"भंगार आहे तो. संध्याकाळपर्यंत पटवलंस तर ठेवतो."

त्या भागातल्या शिपायांनी कधी काय करायचं, तो सगळा कोड ढापण्याच्या सख्ख्या मावशीनं लिहिला होता. शिपाई दाराशी जाऊन ठोंब्यासारखे उभे राहायचे, आत म्हणून शिरायचे नाहीत. लोकांनी तिची इतकी टर उडवली, की तिनं कामच सोडलं. "आमच्या ऑफिसच्या खोलीत गेम एकदाही अडला नाही," असं ती सांगायची, पण ऐकतंय कोण? ढापण्याला मात्र तेच छळत होतं. मावशी खोटं बोलणाऱ्यातली नव्हती. मग घोडं अडलं कुठं?

अर्ध्या दिवसाची रजा टाकून तो लॅपटॉपसकट तिच्याकडे पोचला.

"तो मेला गेम माझ्या घरात नको," मावशी म्हणाली.

"मावशे, एकदाच बघ ना! माझ्यासाठी."

ती कुरकुरत शेजारी बसली. गेममध्ये ढापण्या जिने चढला, धावला, दाराशी आला. शिपाई थांबले. त्यानं उड्या मारल्या, मागेपुढे पळाला, एकेकाला ढकललं. ढिम्म! मावशीचा चेहरा पडला.

"माझंच चुकलं असणार रे," म्हणत ती उठली आणि चहा घेऊन आली. कप घ्यायला ढापण्यानं कीबोर्डवरचे हात काढले, तोच शिपाई दार उघडून धडाधड आत शिरले.

"काय केलंस तू?" मावशी ओरडली.

"काही नाही गं! हात काढले फक्त."

त्यानं पुन्हा करून पाहिलं. धावला की शिपाई थांबत, नुसता उभा राहिला की आत जात.

"अगं बाई!" मावशीनं कपाळाला हात लावला. "पथकाचा पुढारी, म्हणजे खेळणारा, स्थिर झाला की आत शिरा, असं मीच लिहिलंय. आम्हाला शिकवायला अशाच खऱ्या पथकातले एक निवृत्त शिपाई यायचे. दाराशी आधी थांबा, म्हणायचे. सगळ्यांच्या ते इतकं अंगवळणी पडलं, की लोकांना सांगायला हवं हे सुचलंच नाही. तपासणारेही आमच्यातलेच! बाहेरच्या माणसाला खेळताना मी आज पहिल्यांदा बघतेय."

"आणि बाहेरच्यांच्या पायाला भिंगरी," ढापण्या हसला आणि त्यानं साहेबांना फोन लावून सगळं सांगितलं. साहेबांनी तिकडे स्वतः खेळून पाहिलं. फोनवर बटणं वाजत राहिली, मग थांबली.

"अरे, गेले की आत! झकास! सुरुवातीला एक सूचना टाकू. चौथा भाग राहिला. पण काय रे, बनवणाऱ्यांच्या नावांत शिपायांच्या कोडपुढे कुणीच नाही. कोण होतं?"

ढापण्यानं मावशीकडे पाहिलं.

"मीच काढायला लावलं होतं," ती हळूच म्हणाली. "लाज वाटली होती रे मला."

"मग आता काय सांगू?"

मावशीनं डोळे पुसले आणि फोन त्याच्या हातातून ओढून घेतला. "साहेब, माझं नाव घाला," ती म्हणाली. "आणि खाली कोपऱ्यात नको. होतं तिथंच."